देवदूत, सांगावे आणि आकाशवाण्या : अद्भुतकथा लिहिणाऱ्यांचे वारंवार विचारले जाणारे प्रश्न

पुण्यात आमचा अद्भुतकथा लिहिणाऱ्यांचा एक छोटा कट्टा आहे. कुणी कॉलेजात, कुणी आयटीत, काही निवृत्त मंडळी. प्रत्येकाच्या वहीत एक स्वतःचं विश्व असतं. वर देव, खाली माणसं आणि मधे कुणीतरी निरोप्या. या मधल्यावरून जेवढे प्रश्न येतात तेवढे राक्षसांवरूनही येत नाहीत. प्रत्येकाला तेच ते सांगत बसण्यापेक्षा सगळं इथे एकत्र केलंय. उदाहरणं जुन्या ग्रंथांतली आहेत, मतं माझी. पटली नाहीत तर भांडायला कट्ट्यावर या.

१. देवदूत म्हणजे नक्की कोण? देव सर्वशक्तिमान असेल तर स्वतःच का येत नाही?

गोष्टीपुरतं बोलायचं तर ज्याच्या हाती निरोप आहे पण निरोपावर मालकी नाही, तो देवदूत. तो देव असेल, ऋषी असेल, पक्षी असेल, कुत्री असेल, अगदी माणूससुद्धा असेल (प्रश्न १०).

देव स्वतः का येत नाही, याचं उत्तर तुमच्या विश्वाच्या नियमांत सापडलं पाहिजे. "देव फार मोठा आहे म्हणून" हे उत्तर नव्हे. ऋग्वेदात तर दूत उलट्या दिशेनेही धावतो. 'अग्निं दूतं वृणीमहे' म्हणत माणसं अग्नीला आपला दूत नेमतात, आणि तो हवी वर पोचवतो, देवांना यज्ञाला घेऊन येतो. म्हणजे दोन लोकांत अंतर आहे हे दोन्ही बाजूंना मान्य आहे. हे अंतर तुमच्या विश्वात कशाचं आहे? लांबीचं, काळाचं, विटाळाचं, की जुन्या एखाद्या तहाचं? ते ठरलं की दूत का लागतो हे वेगळं सांगावं लागत नाही.

माझा एक हट्ट पुढच्या बहुतेक उत्तरांत दिसेल, म्हणून इथेच सांगून टाकते. दूताला काय माहीत नाही, हे आधी ठरवा. सगळं जाणणारा दूत म्हणजे वेषांतर केलेला देवच. त्याला कथेत काही काम उरत नाही.

२. पंख हवेतच का? चित्रात तर सगळीकडे असतात.

मुळीच नकोत. ख्रिस्ती चित्रकलेत सुरुवातीचे देवदूत बिनपंखांचेच आहेत. पंख दिसू लागतात ते साधारण चौथ्या शतकाच्या अखेरीपासून. ग्रीकांच्या हर्मीस या निरोप्या देवाला पंखांऐवजी उडती पायताणं. आपल्याकडे दूत विमानातून येतो. महाभारताच्या वनपर्वात मुद्गल ऋषींकडे आलेल्या देवदूताच्या विमानाला हंस आणि सारस जुंपलेले आहेत आणि किणकिणणाऱ्या घंटांच्या माळा लावलेल्या आहेत. घंटांचा आवाज आधी ऐकू येतो आणि मग विमान दिसतं, असं लिहिलंत तर अर्धा प्रवेश तिथेच उभा राहील.

३. समोर आलेला देवदूत आहे हे माणसाला कळणार कसं? प्रत्येक वेळी तेजोवलय दाखवायचं का?

तेजोवलय हा आळस आहे. वनपर्वातल्याच नलोपाख्यानात याचं फार देखणं उत्तर आहे. स्वयंवरात दमयंतीसमोर एकसारखे पाच नल उभे असतात. एक खरा आणि चार देव. ती देवांनाच विनवते आणि मग तिला फरक दिसू लागतो. देवांना घाम नाही, पापणी लवत नाही, गळ्यातली फुलं कोमेजलेली नाहीत, अंगावर धुळीचा कण नाही, पाय जमिनीला टेकलेले नाहीत. खऱ्या नलाची मात्र सावली पडलेली आहे, माळ मलूल झालेली आहे, अंगावर धूळ आहे, घाम आहे, डोळे मिटतात.

यातली मेख अशी की दमयंती देवपण शोधत नाही, ती माणूसपण शोधते. तुमच्या गोष्टीत हेच वापरा. मे महिन्यात दुपारी मंडईत कुणी उभं आहे, सगळे घामाने निथळताहेत आणि याच्या कपाळावर टिपूस नाही. भाजीवालीला ते दिसतं. ती काही बोलत नाही, फक्त मेथीची जुडी जरा मागे ओढून घेते. एवढं पुरे. वाचक हुशार असतो.

४. नारदाला देवदूत म्हणायचं का? आमच्या कथेत नारदासारखं पात्र आहे.

नारद कुणाच्या पगारावर नाही, हा पहिला फरक. त्याला कुणी पाठवलंच पाहिजे असं नसतं. बातमी असली की तो निघाला. आपण मराठीत त्याला 'कळीचा नारद' करून टाकलं आणि संगीत नाटकांनी त्याला गोड गळा देऊन त्यावर शिक्कामोर्तब केलं. पण दुसरीकडे कीर्तनकार ज्या जागी उभा राहतो तिला आपण नारदाची गादी म्हणतो. सदाशिव पेठेत नारद मंदिर आहे, तिथे कीर्तन ऐकायला जरूर जा. देवाची गोष्ट माणसांपर्यंत पोचवणं हे काम रोजच्या सरावाने, टाळ-झांजांच्या साथीत कसं केलं जातं ते दिसेल.

कथालेखकाला नारदाकडून दोन गोष्टी घेण्यासारख्या आहेत. पहिली म्हणजे त्याची भटकंती. भागवताच्या सहाव्या स्कंधात दक्षाच्या मुलांना तो वैराग्याकडे वळवतो आणि चिडलेला दक्ष त्याला शाप देतो की तुला कुठेही स्थिर ठाव मिळणार नाही. म्हणजे ज्याला आपण हौशी भटक्या समजतो तो खरं तर बेघर आहे. दुसरी, सभापर्वातली. नारद युधिष्ठिराला लोकपालांच्या सभांची वर्णनं सांगतो आणि जाता जाता पंडूचा निरोप देतो, तो मेलेल्या बापाचा. भाऊ तुझ्या शब्दात आहेत, तू पृथ्वी जिंकू शकतोस, राजसूय कर. नारद सोबत हेही सांगतो की या यज्ञात विघ्नं फार, त्यातून युद्धही उद्भवतं. निरोप खरा आणि इशाराही खरा. पुढे राजसूय होतो, दुर्योधन जळतो, द्यूत होतं. तरी निरोप्याला कुणी दोष देऊ शकत नाही. असा दूत लिहिता आला तर लिहा.

५. आकाशवाणी केली की दूत लागतच नाही. ते सोपं नाही का?

सोपं आहे, म्हणूनच धोक्याचं. आकाशवाणीला उलट प्रश्न विचारता येत नाही. ही तिची ताकद आहे आणि मर्यादाही. कंस लग्नाच्या वरातीत बहिणीचा रथ हाकतोय, तेवढ्यात आवाज येतो की हिचा आठवा गर्भ तुला मारील. कधी, कुठे, कसा, काही नाही. पुढचं सगळं कृष्णचरित्र त्या न सांगितलेल्या भागात घडतं. भागवतात पुढे नारद येऊन कंसाला आणखी थोडं सांगतो आणि कंस बहीण-मेहुण्याला बेड्या घालतो. शेवटी हातातून निसटलेली देवी सांगते की तुझा वैरी जन्मलाय, दुसरीकडे कुठेतरी. तीन वेळा माहिती मिळाली, तिन्ही वेळा अपुरी आणि प्रत्येक वेळी कंस आधीपेक्षा वाईट वागला.

तुमच्या आकाशवाणीने सगळं सांगून टाकलं असेल तर ती खोडून निम्मी करा.

६. स्वप्नातला दृष्टांत चालेल का? संपादक म्हणतात, फार वापरून गुळगुळीत झालाय.

स्वप्न गुळगुळीत होत नाही, स्वप्नातले ढग आणि धूर होतात. देहू इथून किती लांब आहे? तुकोबांचे दोन अभंग काढून वाचा. एकात नामदेव पांडुरंगाला बरोबर घेऊन स्वप्नात येतात आणि कवित्व करायचं काम सोपवतात: 'नामदेवें केलें स्वप्नामाजी जागें'. इथे निरोप्याबरोबर निरोपाचा मालकही आलाय, आणि बोलणं चाललंय शतकोटीतल्या उरलेल्या अभंगांच्या हिशोबाचं. दुसऱ्यात गुरू स्वप्नात भेटतात, मस्तकावर हात ठेवतात आणि जेवणासाठी पावशेर तूप मागतात, नि तुकोबांना स्वप्नात त्याचा विसर पडतो.

पावशेर तूप! साक्षात्काराच्या मधोमध वाण्याच्या दुकानातलं माप. एवढ्या एका मापाने ते स्वप्न खरं वाटतं. आणि विसर पडल्याची रुखरुख तर कुठल्याही तेजापेक्षा जास्त माणसाची आहे. तुमच्या दृष्टांतात असं एखादं वजन, एखादी उधारी, एखादं राहून गेलेलं काम टाका. मग संपादक काही म्हणणार नाहीत.

७. पक्षी-प्राणी दूत म्हणून वापरायचे असतील तर घुबड, डोमकावळा सोडून दुसरं काय आहे?

आपल्याकडे इतकं आहे की बाहेरून आणायची गरजच नाही. एकनाथांच्या भारुडातला पिंगळा महाद्वारी बोलतो, शकुन सांगतो. ज्ञानेश्वरांच्या विराणीत 'पैल तो गे काऊ कोकताहे' म्हणणारी बाई कावळ्याला चक्क लाच देऊ करते. सोन्याने पाय मढवीन, दहीभाताची उंडी देईन, दुधाची वाटी लावीन, फक्त विठो येणार का ते सांग. निरोप ऐकायला आतुर झालेलं माणूस दूताशी कसं घासाघीस करतं, हे त्या ओळींत दिसतं. आपल्या अद्भुतकथांतली माणसं मात्र दूत दिसला की लगेच गुडघे टेकतात.

आणि पुण्यातल्या ओंकारेश्वरापाशी दहाव्याला बसलेली माणसं पाहा. भाताचा पिंड, वर काळे तीळ, बाजूला पाण्याचा तांब्या. कावळे भिंतीवर आहेत पण खाली उतरत नाहीत. मग कुणीतरी पुढे होतं आणि हात जोडून मोठ्याने म्हणतं, "धाकटीचं लग्न आम्ही करू, काळजी करू नका." थांबतात. दुसरं कुणीतरी म्हणतं, "गावच्या घराचं भांडण मिटवू." आणि कधी त्याच क्षणाला कावळा शिवतो. मेलेल्याची नेमकी काय इच्छा होती हे कावळा सांगत नाही. तो फक्त हो म्हणतो, आणि प्रश्न शोधायचा जिवंत माणसांनी. कितीही वाट पाहून शिवलाच नाही तर दर्भाचा कावळा करून पिंडाला लावतात आणि लोक घरी जातात, पण त्या घरात तो विषय पुढे कित्येक वर्षं निघत राहतो. हो किंवा नाही एवढंच बोलू शकणारा दूत मला सगळ्यात आवडतो. कोकणातला देवळातला कौलही याच जातीचा, उजवा किंवा डावा.

८. संदेश कोड्यात द्यावा की सरळ? कोड्यात दिला की गूढ वाटतं म्हणून विचारतोय.

गूढ वाटावं म्हणून दिलेलं कोडं वाचक तिसऱ्या ओळीत ओळखतो. कोड्याला कारण हवं. पानिपतानंतरचं सावकारी पत्र तुम्हाला शाळेपासून ठाऊक आहे. दोन मोत्यं गळाली, सत्तावीस मोहरा हरवल्या, रुपये-खुर्दा किती गेला त्याला गणती नाही. ते असं लिहिलं गेलं कारण वाटेत पत्र कुणाच्याही हाती पडलं असतं आणि उघड लिहिणं परवडणारं नव्हतं. पण ज्याला कळायला हवं होतं त्याला कळलं. दोन मोत्यं म्हणजे विश्वासराव आणि भाऊसाहेब, हे नानासाहेबाला कुणी फोडून सांगावं लागलं नाही. त्याच वर्षी, १७६१ च्या जूनमध्ये, त्याने पर्वतीवर प्राण सोडला.

तर तुमचा देव कुणापासून लपवून बोलतोय? दुसऱ्या देवापासून? स्वतःच्याच दूतापासून? दुसरं उत्तर जास्त मजेचं आहे. जो निरोप आपण नेतोय तो आपल्याला समजलेलाच नाही, हे दूताला अर्ध्या वाटेत कळावं.

कारण सापडत नसेल तर सरळ सांगा.

९. स्वर्गातला काळ आणि पृथ्वीवरचा काळ वेगळा धरलाय. निरोप वेळेत पोचेल याचा हिशोब कसा ठेवू?

कागद-पेन्सिल घ्या. पुराणांच्या हिशोबाने माणसांचं एक वर्ष म्हणजे देवांचा एक दिवस-रात्र. म्हणजे देवांचा एक तास आपले सुमारे पंधरा दिवस. देवांची चार मिनिटं म्हणजे आपला जवळजवळ एक दिवस. दूत निघताना दारात दहा मिनिटं कुणाशी बोलत थांबला तर खाली अडीच दिवस गेले. युद्धाच्या आदल्या रात्रीचा निरोप तेराव्याला पोचवायचा असेल तर त्याला तिथे तासाभरापेक्षा कमीच रेंगाळू द्या.

ब्रह्मलोकाचा हिशोब आणखी भयंकर. भागवताच्या नवव्या स्कंधात ककुद्मी राजा मुलगी रेवतीसाठी स्थळ विचारायला ब्रह्मदेवाकडे जातो. तिथे गंधर्वांचं गाणं चाललेलं असतं, म्हणून क्षणभर थांबतो. मग विचारतो. ब्रह्मदेव हसतो, कारण तेवढ्यात सत्तावीस चतुर्युगं उलटलेली असतात. चतुर्युग ४३,२०,००० वर्षांचं धरलं तर ११ कोटी ६६ लाख ४० हजार वर्षं. राजाने मनात योजलेली स्थळं, त्यांची मुलं, नातवंडं, गोत्रांची नावंसुद्धा शिल्लक नाहीत. शेवटी रेवती बलरामाला दिली जाते.

एकदा प्रमाण ठरवलं की ते कथेत मोडू नका. घाईच्या प्रसंगी दूत झटकन पोचतो आणि एरवी युगं लागतात, असं झालं की वाचक हिशोब मांडायला बसतो. आपल्याकडे असे वाचक फार आहेत.

१०. माणूसच देवांचा दूत झाला तर? आणि त्याचं मन त्या निरोपात नसेल तर?

याहून चांगली गोष्ट मिळणं कठीण. प्रश्न ३ मध्ये आलेला नल आठवा. स्वयंवराला निघालेल्या नलाला वाटेत इंद्र, अग्नी, वरुण आणि यम भेटतात. आमचं एक काम करशील का, असं विचारतात. तो काम न विचारताच हो म्हणतो. मग काम कळतं. दमयंतीकडे जा आणि सांग की आम्हा चौघांपैकी एकाला वर. नल म्हणतो, मीही त्याच कामासाठी निघालोय, मला पाठवू नका. देव म्हणतात, शब्द दिलायस. तो म्हणतो, राजवाड्यावर पहारे आहेत, आत कसा जाऊ? इंद्र म्हणतो, जाशील. आणि तो जातो, जिच्यावर प्रेम आहे तिच्यासमोर उभा राहतो आणि दुसऱ्यांची मागणी प्रामाणिकपणे मांडतो.

कुरकूर न करणारा दूत मला खोटा वाटतो. होमरचा हर्मीससुद्धा कॅलिप्सोच्या बेटावर पोचल्यावर म्हणतो की मी काही खुशीने आलो नाही, एवढं खारं पाणी कोण ओलांडेल, वाटेत माणसांचं एक गाव नाही की नैवेद्य मिळावा. देव झाला म्हणून प्रवास सुखाचा होत नाही.

११. दूत खोटं बोलू शकतो का?

दोन वेगळ्या गोष्टी आहेत, गल्लत करू नका. एक, निरोपच खोटा आणि दूत प्रामाणिक. होमरच्याच इलियडच्या दुसऱ्या सर्गात देवांचा राजा झ्यूस ग्रीकांचा सेनापती आगामेम्नॉन याच्याकडे एक स्वप्न पाठवतो. ते स्वप्न नेस्टर या म्हाताऱ्या सल्लागाराचं रूप घेऊन येतं आणि दिलेला निरोप जसाच्या तसा सांगतं की आत्ता हल्ला कर, ट्रॉय पडेल. निरोप धादांत खोटा, स्वप्नाचा त्यात काही दोष नाही.

दोन, निरोप खरा आणि दूत फितूर. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातली सरमा ही इंद्राची कुत्री गायी लपवून ठेवणाऱ्या पणींकडे त्या गायींचा माग काढत जाते. (पणी मर्त्य नव्हेत, पण उदाहरण सोडवत नाही.) ते तिला म्हणतात, आमची बहीण हो, गायींत वाटा घे, परत जाऊ नकोस. ती ठाम नकार देते. नंतरच्या एका परंपरेत मात्र तीच सरमा पणींचं दूध पिऊन येते आणि इंद्राला सांगते की काही दिसलं नाही. इंद्र लाथ घालतो तेव्हा तिच्या तोंडून दूध बाहेर पडतं. एकाच दूतीच्या दोन गोष्टी, एक निष्ठेची, एक फितुरीची. कुठली 'खरी' हे ठरवू नका. तुमच्या विश्वातही दोन गावांत एकाच दूताबद्दल दोन कथा असू द्या, विश्व आपोआप जुनं वाटेल.

१२. माणसाने विश्वासच ठेवला नाही किंवा सरळ नाही म्हटलं तर? मग कथा अडते.

अडत नाही, तिथून सुरू होते. लूकच्या शुभवर्तमानात गब्रीएल देवदूत म्हाताऱ्या जखऱ्या याजकाला सांगतो की तुला मुलगा होईल. तो विचारतो, हे मला कशावरून कळावं? शिक्षा म्हणून त्याची वाचा जाते, आणि मुलाचं नाव पाटीवर लिहून देईपर्यंत परत येत नाही. पुढच्याच प्रसंगात मरीयाही विचारते, हे कसं होईल? तिला शिक्षा नाही, उत्तर मिळतं. दोन प्रश्न दिसायला सारखे. असं का, यावर लोक शतकानुशतकं बोलत आलेत. तुमच्याही कथेत एखादी अशी विषमता ठेवा आणि तिचं स्पष्टीकरण देऊ नका.

नकाराचं उदाहरण मुद्गलाचं (विमान प्रश्न २ मध्ये). देवदूत म्हणतो, चला, स्वर्ग कमावलात. मुद्गल म्हणतो, आधी तिथले गुण-दोष सांग. आणि हा देवदूत खरंच दोषही सांगतो! तिथे नवं पुण्य कमावता येत नाही, साठलेलं संपलं की खाली पडावं लागतं, पडताना दुःख भयंकर होतं. मुद्गल नमस्कार करून म्हणतो, मग तुम्ही परत जा. विमान रिकामं गेलं.

स्वर्गारोहण पर्वात युधिष्ठिर दूताबरोबर नरकाच्या वाटेने जातो. आपल्याच माणसांचे आवाज ऐकून तिथेच थांबतो आणि दूताला सांगतो की ज्यांनी पाठवलं त्यांच्याकडे जा, मी येत नाही. दूत इंद्राकडे जाऊन ते सांगतो. माणसाने देवाला पाठवलेला हा निरोप मला साऱ्या महाभारतात अव्वल वाटतो. नवीन लेखक परतीचा निरोप विसरतातच.

१३. दोन देवांचे दूत एकाच वेळी एकाच दारात आले तर कुणाचं चालतं?

भागवतातला अजामिळ. ८८ वर्षांचा, आयुष्यभर नको ते केलेला. मरताना यमाचे तीन दूत पाश घेऊन समोर. घाबरून धाकट्या मुलाला हाक मारतो, मुलाचं नाव नारायण. त्या नावासरशी विष्णुदूत हजर. मग मरणशय्येशेजारी दोन्ही बाजूंचा धर्म म्हणजे काय यावर रीतसर वाद होतो. यमदूत हरतात, परत जातात आणि यमाला विचारतात की या जगाला शासन करणारे आहेत तरी किती?

हा प्रश्न पाहा. आपल्या मालकाच्या वर कुणी आहे हे त्या बिचाऱ्यांना त्या दिवसापर्यंत माहीतच नव्हतं. प्रश्न १ मधला माझा हट्ट याच प्रसंगावरून आलाय. कुणाचं चालतं यापेक्षा हरलेले दूत परत जाऊन काय विचारतात ते लिहा.

१४. दूताला मारता येतं का?

रामायणाचा नियम घ्या, दूत अवध्य. बिभीषण रावणाला हेच सांगतो. पण विटंबनेला वाट मोकळी असते, म्हणून शेपटीला चिंध्या गुंडाळून आग लावली गेली. लंकेचं पुढे काय झालं ते सांगायला नको. नियम आणि त्याची पळवाट, दोन्ही ठेवा.

१५. ताई, देवदूताची भाषा कशी ठेवू? संस्कृतप्रचुर लिहिलं की भारदस्त वाटतं.

"हे मर्त्य मानवा, मी स्वर्गलोकाहून तुजप्रत..." असं वाक्य दिसलं की मी पान उलटते. भारदस्तपणा शब्दांतून येत नाही, कमी बोलण्यातून येतो. कट्ट्यावर आलेल्या एका कथेतला हा संवाद, लिहिणाऱ्याच्या परवानगीने:

"उद्या सकाळी लकडी पुलावरून जाऊ नका."
"का? कुणी सांगितलं?"
"एवढंच सांगायला सांगितलंय."

तो गेला. बास. म्हाताऱ्या माणसाला दूत अहो-जाहो करतो की अरे-तुरे, हे मात्र ठरवा. देवाच्या हिशोबात सगळी माणसं पोरंच, पण ८८ वर्षांच्या अजामिळाला "अरे" म्हणणारा दूत आणि "आजोबा, चला" म्हणणारा दूत या दोन वेगळ्या कथा आहेत.

१६. आज ज्यांची श्रद्धा आहे असे देवदूत कथेत घ्यावेत का?

जपून. मुसलमानांच्या श्रद्धेनुसार जिब्रईलनेच पैगंबरांकडे 'वही', म्हणजे अल्लाहचा संदेश, आणली. त्याला तुमच्या काल्पनिक युद्धात तलवार घेऊन उभं करणं हा खोडसाळपणा होईल, आणि कथाही त्याने सुधारणार नाही. पारशांचा सरोश मृत्यूनंतर तीन रात्री आत्म्याची राखण करतो. नाना पेठेत, कॅम्पात अग्यारी आहेत, शेजारीच राहणाऱ्यांची ही श्रद्धा आहे. कल्पना घ्यायची असेल तर गुण घ्या, नाव घेऊ नका. तीन रात्री पहारा देणारा, चौथ्या पहाटे निघून जाणारा दूत तुमच्या विश्वात तुमच्या नावाने आणा. आपल्या नारदालाही हाच न्याय लावा. 'आपलाच आहे' म्हणून त्याचा विनोदी हमाल करायची सवय वाईट.

१७. मूळ संहिता कुठे पाहायच्या? यूट्यूबवर प्रत्येक जण वेगळं सांगतो.

महाभारतासाठी भांडारकर संस्थेची संशोधित आवृत्ती. काम १९१९ मध्ये सुरू झालं, १९६६ मध्ये पुरं झालं. एक गोष्ट लक्षात ठेवा, आपल्या ओळखीचे काही प्रसंग तिच्या मुख्य पाठात नाहीत. गणपतीने महाभारत लिहून घेतलं ही गोष्ट परिशिष्टात गेलीय (हे पुण्यात बोलताना आवाज जरा खाली ठेवा). कथालेखकाने मुख्य पाठ आणि परिशिष्ट दोन्ही वाचावीत, कारण माल परिशिष्टातच जास्त असतो. संस्कृत येत नसेल तर मराठी भाषांतरं अप्पा बळवंत चौकात मिळतात.

१८. निरोपच नसलेला दूत असू शकतो का?

असतो. पाली मज्झिमनिकायातलं देवदूत सुत्त वाचा. पाप करून आलेल्या माणसाला यम विचारतो, तुला देवदूत दिसले नाहीत का? तो म्हणतो, नाही दिसले. मग यम एकेक मोजून दाखवतो. स्वतःच्या मलमूत्रात पडलेलं तान्हं मूल, काठी टेकत चाललेला म्हातारा, आजारी माणूस, शिक्षा भोगणारा गुन्हेगार, प्रेत. पाचही जण दूत होते. त्यांना स्वतःलाही ते ठाऊक नव्हतं. लिहायला अवघड प्रकार आहे, कारण वाचकाला शेवटी सांगावं लागतं की आधीच्या पानांत दूत येऊन गेला, आणि तरी ती फसवणूक वाटता कामा नये. पहिल्याच कथेत करू नका.

१९. दूत पोचायच्या आधीच तो माणूस मेला तर निरोपाचं काय होतं?

हा प्रश्न प्रश्न ९ मधला हिशोब मांडून झाला की हमखास येतो. तुमच्या विश्वात निरोप माणसाच्या नावाचा आहे की जागेच्या, यावर सगळं अवलंबून. नावाचा असेल तर दूताला त्याच्या मागे मृतांच्या लोकात जावं लागेल, आणि तिथे दुसऱ्याची हद्द सुरू होते, म्हणजे प्रश्न १३. जागेचा असेल तर त्या घरात आता जे राहतं त्याला तो निरोप घ्यावा लागेल, मग ते भाडेकरू का असेनात. तिसरी शक्यता म्हणजे वारस, पंडूच्या निरोपाच्या उलट दिशेने. मला भाडेकरूची गोष्ट वाचायला आवडेल. पुण्यात अकरा महिन्यांच्या करारावर राहणाऱ्या, आधीच्या मालकाचं नावही माहीत नसलेल्या पोराच्या दारात कुणीतरी येतं, पायांखाली अर्धा इंच हवा, आणि भलत्याच माणसासाठी आणलेलं राज्य त्याच्या हातात ठेवतं. कुणी लिहिणार असेल तर कट्ट्यावर घेऊन या. दहा पानांच्या आत बसवा आणि प्रिंट एकाच बाजूला काढा.